भोकं बुजवायचा बुधवार

‘होय’ एवढा एकच शब्द वाचला आणि तेजश्रीला मळमळलं. शब्दात तसं काही नव्हतं. पण सकाळी खाल्लेली भाकरी गळ्यापर्यंत आली आणि तोंडात आंबट पाणी सुटलं. तिने पाण्याची बाटली तोंडाला लावली, तर तिलाही प्लास्टिकचा वास. बीडहून मांजरसुंब्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर हे मुलींचं कॉलेज, कॉलेजच्याच आवारात मुलींचं वसतिगृह, आणि वसतिगृहाच्या तळमजल्यावर तेजश्रीचा संगणक कक्ष. ती कक्षप्रमुख. प्रमुख म्हणायला, हाताखाली झाडूसुद्धा स्वतःचाच. आणि नोकरी दरवर्षी जूनमध्ये नव्याने मिळणारी, म्हणजे दरवर्षी मे महिन्यात जीव टांगणीला. संगणकात सुरक्षेची जी दुरुस्ती दर महिन्याला येते तिच्याकडे तिने आजवर कधी डोळे उघडून पाहिलं नव्हतं. तिकडे अमेरिकेत दुसऱ्या मंगळवारी ती निघते, आपल्याकडे तेव्हा बुधवार उजाडलेला असतो. पडद्यावर खिडकी येते, आत्ता करू की नंतर, असं विचारते. साऱ्या जगासारखी तेजश्रीही ‘नंतर’ म्हणायची. फार तर संध्याकाळी जाताना सगळे संगणक दुरुस्तीला लावायचे आणि घरी जायचं, दूध तापत ठेवावं तसं. पण यंदा विद्यापीठाकडून पत्र आलं, की कक्षप्रमुखांनी त्या महिन्याची टिपणं स्वतः वाचून समजून घ्यावीत आणि तसं लिहून द्यावं. म्हणून ती या बुधवारी बसली आणि संगणकाची प्रणाली बनवणाऱ्या त्या अमेरिकन कंपनीच्या पानावरची इंग्रजी टिपणं एकेक ओळ लावत वाचू लागली. प्रत्येक भोकाला, म्हणजे चोराला आत शिरता येईल अशा फटीला, एक नंबर. भोक कोणत्या भागात आहे, किती मोठं आहे, त्यातून आत येऊन काय काय करता येतं. आणि शेवटच्या रकान्यात, हे भोक आम्ही बुजवण्याआधी कोणी वापरत होतं का? नाही. नाही. नाही. नाही. होय.

आजवर तिला वाटायचं, दुरुस्ती म्हणजे काहीतरी नवं, टॉनिकसारखं. गाडीची सर्व्हिसिंग करतो, तसं. आता कळत होतं की ही तर कबुली आहे. दर महिन्याला एक कबुली. गेल्या महिन्यात तुम्ही दार लावून निवांत बसला होतात ना, ते दार उघडंच होतं. कधीपासून उघडं होतं? पहिल्या दिवसापासून. आणि कुणीतरी आत येऊन गेलं. काय बघितलं, काय नेलं, माहीत नाही. आता बंद केलंय, बसा. आणि हे सांगण्याची भाषा कशी, तर बँकेच्या दारातल्या पाटीसारखी कोरडी. माणसाने खरं म्हणजे अशा वेळी आरडाओरडा करायला पाहिजे. तेजश्रीने तळहात नाकाशी नेला. त्याला की-बोर्डचा वास येत होता, बायकांच्या डोक्याचं तेल, चिवडा, घाम.

किळस ही तिची जुनी सोबतीण. लोकांना राग येतो, रडू येतं, तेजश्रीला किळस येते. दुसऱ्याने चावून टाकलेली उसाची चिपाडं, चहावरची साय, बसच्या गजावरचा ओलावा, कशाचंही निमित्त पुरतं. या कक्षात तर निमित्तांना तोटा नव्हता. वास्तविक कक्ष म्हणजे संस्थेचा देव्हारा. चपला बाहेर काढून यायचं, कारण चपलेबरोबर धूळ येते आणि धुळीने संगणक बिघडतात, असं उद्घाटनाच्या दिवशी अध्यक्षांनी सांगितलं होतं. पडद्यांना झालरीचे अभ्रे. दसऱ्याला प्रत्येक यंत्राला हळदकुंकू आणि झेंडूचं फूल. मागच्या दसऱ्याचं कुंकू पेनड्राइव्ह घालायच्या जागेत जाऊन बसलं ते आजतागायत. संस्थेतल्या झाडून सगळ्या यंत्रांचा पासवर्ड एकच, आबासाहेब, म्हणजे संस्थेचे दिवंगत संस्थापक. वायफायचा तोच, प्राचार्यांच्या मेलचा तोच, ग्रंथालयाचा तोच. तेजश्रीने आल्या आल्या एकदा तो बदलू या म्हटलं होतं, तर मोठे बाबू दुखावलेच. ‘आबासाहेबांचं नाव काढून काय घालायचं म्हणता, मॅडम?’ तेव्हापासून तो विषय बंद. चपला बाहेर राहिल्या, पण पोरींच्या मोज्यांचा वास आत आलाच. की-बोर्डच्या फटीत लांब केस, खुर्चीखाली च्युइंगगम, आणि पडद्यांवर, वरच्या काठाला, टिकल्या. मुलींची आरशाला टिकली चिकटवून ठेवायची खोड जात नाही. बंद पडदाही त्यांना आरसाच. काळ्या, मरून, खड्यांच्या, मधे घाम धरलेल्या टिकल्या. दर शनिवारी तेजश्री नाक मुरडून त्या नखाने खरवडायची, मग नखाखाली तो गोंद चिकटायचा, आणि मग साबणाने तीन-तीनदा हात धुणं. मुलींना बोलून झालं होतं. मुली मान खाली घालून ऐकायच्या आणि पुन्हा टिकल्या लावायच्या.

तर त्या बुधवारी तिने ठरवलं, आता वाचलंच आहे तर ही दुरुस्ती नीट करून टाकू. म्हणून तिने पहिल्याच संगणकात आजवरच्या दुरुस्त्यांची यादी उघडली. यादी जवळजवळ रिकामी. उद्घाटनाच्या महिन्यानंतर एकही नोंद नाही. ती दर महिन्याला संध्याकाळी लावून जात होती त्या दुरुस्त्या गेल्या कुठे? दुसरा उघडला, तसंच. मग तिच्या डोक्यात उजेड पडला आणि स्वतःच्या बावळटपणाची लाज वाटली. हे संगणक फ्रीज करून ठेवलेले होते. विजयसिंहाने, म्हणजे अध्यक्षांच्या पुतण्याने, ज्याच्या दुकानातून हे सगळे संगणक आले त्याने, पहिल्याच दिवशी मोठ्या कौतुकाने दाखवलं होतं. पोरींनी काहीही बिघडवू द्या, मॅडम, बंद करून चालू करायचं, की आज आहे तसा लगेच. काही टिकणार नाही. आणि खरंच काही टिकत नव्हतं. मुलींचा चुकून डेस्कटॉपवर राहिलेला प्रकल्प टिकायचा नाही, कुणाचा फोटो टिकायचा नाही, तशी दुरुस्तीही टिकली नव्हती. संध्याकाळी भोक बुजायचं, यंत्र सकाळी विसरून जायचं. रोज सकाळी उद्घाटनाचाच दिवस उजाडायचा, नारळ फोडल्यासारखा. फ्रीज काढल्याशिवाय काही होणार नव्हतं आणि त्याचा पासवर्ड विजयसिंहाकडे. तिने एक क्षण विचार केला आणि आबासाहेब असं टंकलं. उघडलं. तिला हसू आलं, आणि हसू यावं याचंही तिला कसंतरी वाटलं.

हसू फार वेळ राहिलं नाही. आत काय काय बसवलेलं आहे ते वरून खाली बघत जाताना एका नावाशी ती थांबली. दुसऱ्याच्या संगणकाचा पडदा लांबून बघायचा, त्याचा कॅमेरा लांबून चालू करायचा, तसला तो प्रोग्रॅम होता. दुरुस्तीवाले वापरतात, त्यात नवल नाही. पण ते वापरताना समोरच्याला विचारतात, त्याने हो म्हटलं की आत येतात. इथे विचारणं बंद करून ठेवलेलं होतं. पडद्यावर खूण दिसणं बंद करून ठेवलेलं होतं. कॅमेऱ्याची परवानगी कायमची. बसवल्याची तारीख उद्घाटनाची. दुसऱ्या संगणकातही तेच, तिसऱ्यातही. हे काही बाहेरून भोकातून शिरलं नव्हतं. हे आतच ठेवून वरून कुलूप घातलं होतं, आणि रोज सकाळी यंत्र सगळं विसरायचं तेव्हा हे तेवढं आठवणीने जपायचं. ऑनलाइन परीक्षेसाठी म्हणून कॅमेरेवाले संगणक घेतलेले. वसतिगृहाच्या मुली संध्याकाळी जेवणाआधी इथे येऊन बसत, गाऊनवर, ओले केस मोकळे सोडून, एकमेकींच्या वेण्या घालत, कुणी फोनवर घरच्यांशी भांडून रडत. बायकांची खोली म्हणून पोरी मोकळ्या असत. आणि प्रत्येकीसमोर तो भिंगाचा ठिपका. तेजश्री स्वतः इथे डबा खायची. एकदा ब्लाउजचं हूक तुटलं म्हणून दाराला कडी लावून तिने इथेच पिन लावली होती. तिने ओढणी छातीवर ओढून घेतली, मग उठून समोरच्या पडद्यावर झालरीचा अभ्रा टाकला, मग शेजारच्या, मग सगळ्या. आणि शेवटच्या पडद्याजवळ पोचेपर्यंत तिला कळलं की असं सगळ्यांवर पांघरूण घालत जाणं तिने पूर्वी पाहिलं आहे.

परळीकडे धर्मापुरीत त्यांचं घर. घरामागे न्हाणी, तीन बाजूंनी दगडाची आणि चौथ्या बाजूला जुन्या पत्र्याचं दार. पत्रा आधी कुठल्यातरी छपराचा असावा, त्याला खिळ्यांची भोकं होती. सकाळी त्यातून उन्हाचे कवडसे आत पडायचे, पाण्याच्या वाफेत ते काठ्यांसारखे उभे दिसायचे. बी. एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला ती अंबाजोगाईहून सुट्टीला आली होती तेव्हा एकदा अंगावर पाणी घेताना तिला दिसलं की त्यातला एक कवडसा विझला. मग पुन्हा लागला. बाहेर ढग नव्हता. त्या बाजूला शिवशंकरअप्पाचा गोठा. अप्पा म्हणजे दादांचे, तिच्या वडिलांचे, चुलतभाऊ, भजनात टाळ वाजवणारे, तंबाखूने दात काळे झालेले, येता-जाता ‘काय बाई, अभ्यास काय म्हणतोय’ असं मायेनं विचारणारे. दुसऱ्या दिवशी तिने ओल्या साबणाच्या गोळ्या करून भोकात दाबल्या. तिसऱ्या दिवशी गोळ्या आत दगडावर पडलेल्या. वाळून पडल्या असतील असं तिने स्वतःला सांगितलं. पुन्हा दाबल्या, पुन्हा पडल्या. एका गोळीला मधोमध काटकीचं छिद्र होतं. ते पाहूनही ती गप्प बसली. कुणाला सांगणार? सांगितलं असतं तर शिक्षण तिथेच आटोपलं असतं. मुलीला घरातही बघतात म्हटल्यावर तिला लांब कशी ठेवायची, असा हिशेब झाला असता. ती नदीवरच्या बायकांसारखी लुगडं अंगाला गुंडाळून अंघोळ करायला शिकली. दिवाळीला आली तेव्हा पत्र्यावर एम-सीलचे राखाडी लपके होते. सगळ्या भोकांवर नाहीत. फक्त गोठ्याच्या बाजूच्या, माणसाच्या डोळ्याच्या उंचीवरच्या. अंगठ्याने दाबून बसवलेले, त्यावर अंगठ्याच्या रेषाही उमटलेल्या. तो अंगठा दादांचा होता. घरात कुणी एक अक्षर बोललं नाही. संध्याकाळी अप्पा नेहमीसारखे ओट्यावर टेकले, माय बायनाबाईने चहा केला, तेजश्री कप उचलायला गेली तर दादा म्हणाले, ‘तू ऱ्हाऊ दे. मी नेतो.’ आणि घेऊन गेले. स्वतःच्या हाताने त्याला चहा दिला.

त्या चहाची किळस तिला आजही यायची. भोकापेक्षा, विझलेल्या कवडशापेक्षा, त्या कपाची जास्त. बुजवलं म्हणजे माहीत होतं. माहीत होतं म्हणजे कधीतरी कळलं होतं. कसं कळलं? पाहिलं? कुणी सांगितलं? कळल्यापासून एम-सील आणेपर्यंत किती दिवस गेले? त्या दिवसांत ती तिथेच अंघोळ करत होती का? निदान ही कंपनी, सात समुद्रापलीकडची, आपल्या बापाची ना काकाची, दर महिन्याला चार ओळी लिहून सांगते तरी. भोक होतं, इथे होतं, एवढं होतं, आणि होय, कुणीतरी वापरत होतं. तिच्या घरात तो रकानाच नव्हता. तिच्या घरात फक्त लपके होते.

प्राचार्य सज्जन माणूस होते, आणि तीच अडचण होती. नालायक माणसाशी भांडता तरी येतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, चष्मा काढून पुसला, दार लोटून घेतलं.

‘विजयभैय्याला विचारलं का तुमी?’

‘मी कावून विचारू, सर? तुमी विचारा ना.’

त्यांनी तिच्यासमोरच फोन लावला. पलीकडून विजयसिंहाचा मोठ्याने हसलेला आवाज खोलीभर ऐकू आला. ‘आवो सर, सपोर्टसाठी टाकलेलं असतं ते. बीडातून बसल्या बसल्या बघावं लागतं, काय चालू हाय, काय बंद हाय. मॅडमला म्हणावं, लई डोकं लावू नका.’

काय चालू हाय, काय बंद हाय. तेजश्रीला त्या आवाजाला वास असल्यासारखं वाटलं, तंबाखूचा. प्राचार्यांनी फोन ठेवला. त्यांनाही कळलं होतं. त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या.

‘काढून टाका,’ ते म्हणाले. ‘उद्याच्या उद्या सगळ्यांतून काढा. पासवर्ड बदला. आबासाहेबांचं मी बघतो. तुमची ती महिन्याची दुरुस्ती घाला. दार बंद झालं, विषय संपला.’

‘आन मुलींना?’

‘मुलींना काय?’ त्यांनी आवाज खाली आणला. ‘बाई, मी काय म्हणतो ते नीट ऐका. लिंबागणेशची ती चैताली, तिच्या बापाला मी दोनदा घरी जाऊन समजावलंय, तवा कुठं त्यानं तिसऱ्या वर्षाला पाठवली. अशा पन्नासएक पोरी हायेत आपल्याकडं. ह्यातला एक शब्द बाहेर गेला तर आठवड्यात वसतिगृह रिकामं. जीपा भरून बाप येतील आन पोरी घेऊन जातील. लग्नाचे मंडप घालतील लगेच. विजयसिंहाचं काय वाकडं होणार न्हाई, पोरींचं शिक्षण तेवढं जाईल. अन् तुमची नोकरीही, जून काय लांब हाय का?’

शेवटचं वाक्य त्यांनी धमकी म्हणून म्हटलं नव्हतं. काळजीनेच म्हटलं होतं. आणि बाकीचं तर खोटं नव्हतंच. तेजश्रीला आठवलं, हाच हिशेब तिने न्हाणीत उभं राहून केला होता, साबणाच्या गोळ्या हातात घेऊन. तिने मान हलवली. सज्जन माणसाच्या खोलीतून बाहेर पडताना मान हलवूनच बाहेर पडता येतं.

गुरुवारी मुलींना सुट्टी देऊन तिने ते काम केलं. एकेका यंत्राची झालर काढायची, फ्रीज उतरवायचं, तो प्रोग्रॅम मुळासकट काढायचा, नवा पासवर्ड, मग दुरुस्ती. पडद्यावर गोल फिरत राहायचं. थोडं थांबा, बंद करू नका. हे तेवढं मराठीत यायचं, आर्जवाने. एक संगणक मात्र तिने होता तसा ठेवला, वायर उपटून, पेटीत घालून, कपाटाला कुलूप लावून. का ठेवतेय हे तेव्हा तिने स्वतःला नीट सांगितलं नाही. दुपारपर्यंत सगळं स्वच्छ झालं. यादीत आता ताज्या तारखा दिसत होत्या, कुठे काही बिघडल्याची खूण नाही. इतकं स्वच्छ की इथे कधी काही होतं असं उद्या ती स्वतः शपथेवर सांगू शकली नसती. तिला आपल्या अंगठ्याकडे बघवेना.

संध्याकाळी परतताना तिने स्कूटी रस्त्याकडेला एका ढाब्याच्या अंगणात थांबवली आणि दादांना फोन लावला. ट्रक जात होते. शेजारच्या बाजेवर कुणीतरी चुळा भरून थुंकत होता. माय बरी आहे, हरभरा बरा आहे, तुझी तब्येत कशी, हे सगळं होऊन गेलं.

‘दादा, एक इचारू का? न्हाणीच्या पत्र्याला तुमी एम-सील कावून लावलतं?’

पलीकडे बाज करकरली, दादा उठून बसले असावेत. मग दादा खाकरले. पंधरा वर्षांपूर्वीच्या एम-सीलबद्दल कुणी विचारलं तर माणूस म्हणेल, कुठलं एम-सील? दादा तसं म्हणाले नाहीत.

‘पाणी येत होतं बाई आत. पावसाचं.’

न्हाणीत. पाणी येऊ नये म्हणून. तेजश्रीला हसू फुटलं, खदखदून, शेजारचा माणूस चूळ तोंडात धरून तिच्याकडे बघत राहिला. मग हसण्याबरोबर आंबट पाणी वर आलं आणि ती लिंबाच्या बुंध्याशी वाकून ओकली. फोन चालूच होता. त्यातून दादांचा बारीक आवाज येत होता, ‘तेजे? आगं तेजे?’ सत्तरीचा माणूस तिकडे हातात फोन धरून घाबरला असणार. तिला त्यांची दया आली, आणि दयेने किळस काही कमी झाली नाही. इतकी वर्षं तिला वाटत होतं, दादांनी निदान तिच्यासाठी भोकं बुजवली. आता वाटलं, त्यांनी ती विषयासाठी बुजवली, विषय निघू नये म्हणून. कदाचित दोन्ही खरं असेल. तिने ‘बरं हाय दादा, ठेवते’ म्हणून फोन ठेवला, तोंड धुतलं आणि ठरवून टाकलं. म्हणजे ठरलं. ओकून झाल्यावर पोट जसं आपोआप ठरतं, तसं.

शुक्रवारी तिसऱ्या वर्षाच्या मुली चपला बाहेर काढून आत आल्या आणि आपापल्या जागी बसल्या. तेजश्रीने दार लावलं नाही. मुद्दाम उघडं ठेवलं. कंपनीची टिपणं असतात तशाच ओळी तिने फळ्यावर लिहिल्या, मराठीत. या कक्षातल्या सगळ्या संगणकांत एक भोक होतं. उद्घाटनापासून होतं. त्यातून बाहेरच्या माणसाला कॅमेरा चालू करता येत होता. ते कोणी बसवलं हे तिने लिहिलं, नाव पूर्ण लिहिलं. आता ते काढलं आहे. एक संगणक पुराव्यासाठी ठेवला आहे. आणि शेवटच्या ओळीत, हे भोक कोणी वापरत होतं का? तिथे ती थांबली. खडू बोटांत मऊ झाला होता. तिने लिहिलं, होय, असं मला वाटतं. मग वळून म्हणाली, ‘तक्रार करायची तर मी संगट येते. घरी सांगायचं का न्हाई, ते तुमचं तुमी ठरवा. मी कुणाच्या बापाला फोन करणार न्हाई. पण तुमाला माहीत न्हाई असं ऱ्हायला नको.’ तिला वाटलं होतं मुली ओरडतील, रडतील. आणि खरं सांगायचं तर मनाच्या एका कोपऱ्यात तिला असंही वाटत होतं, की कुणीतरी पुढे येऊन आपला हात धरेल. जे तिला कुणी सांगितलं नव्हतं ते ती सांगत होती. जून गेला, नोकरी गेली, तरी एवढं तरी स्वच्छ केलं, असं काहीतरी छातीत हलकं हलकं होत होतं.

मुली ओरडल्या नाहीत. त्यांनी एकमेकींकडे पाहिलं. आश्चर्य वाटलेल्या माणसांसारखं नव्हे, काहीतरी खरं ठरलेल्या माणसांसारखं. पहिल्या रांगेतली चैताली उभी राहिली. सावळी, किडकिडीत, कधी वर्गात तोंड न उघडणारी.

‘मॅडम, तो हिरवा दिवा आपोआप लागायचा,’ ती म्हणाली. ‘कॅमेऱ्याजवळचा. आमी काई दाबलं नसलं तरी. सांजच्याला जास्त.’

‘मग तुमी मला सांगितलं कावून न्हाई?’

‘सांगितलं असतं तर कॉलेज सुटलं असतं आमचं.’ हे तिने सरळ सांगितलं, पाढा म्हणावा तसं. मग ती जरा घुटमळली. मागून कुणीतरी तिचा कुडता ओढला, बस खाली म्हणून. ती बसली नाही. तेजश्रीकडे बघत राहिली, राग नाही, नुसतं विचारायचं म्हणून, आणि म्हणाली, ‘पण त्याच्यावर आमी टिकल्या लावायचो ना, मॅडम. रोज लावायचो. त्या तुमी कावून काढत होतात?’

पंखा फिरत होता. उघड्या दारातून बाहेरच्या चपलांची रांग दिसत होती. तेजश्रीने उजवा हात मागे नेला आणि अंगठ्याने तर्जनीचं नख चाचपलं. दर शनिवारी ती ते नख त्या गोंदाखाली घालायची, अलगद, भिंगाला चरा पडू नये म्हणून, आणि वर फुंकर मारून भिंग लखलखीत करायची. न्हाणीच्या दगडावर पडलेली साबणाची गोळी तिला दिसली, मधोमध छिद्र पडलेली. काटकी तिच्या हातात होती.

चैताली अजून उभी होती. तिला उत्तर हवं होतं.

‘मला घाण वाटायची,’ तेजश्री म्हणाली.